‘एका जुन्या कर्मचाऱ्याने सांगितले’

प्रिय आक्का,

तू आपलं तेच घोडं पुढं दामटतेस. रविवारी फोनवर पुन्हा तुझं तेच म्हणणं: मी शब्द दिलाय, मी शब्द पाळलाय, त्यापायी दोन वर्षं गावाच्या शिव्या खाल्ल्यात, आता तरी मला मोकळी कर. सगळं कबूल. पण मग त्या बातमीत ते ‘जुन्या’ कुणी घातलं? मी काय तुझ्या पेपरात कामाला होतो? मी आठवीत शाळा सोडलेला गडी. ‘संस्थेतील एका जुन्या कर्मचाऱ्याने नाव न छापण्याच्या अटीवर सांगितले,’ हे तुझ्या हातचं वाक्य आहे. कोल्हापुरात चहा पीत वाचणाऱ्याला जुना कर्मचारी म्हणजे असेल कुणीतरी. आपल्या गावच्या दूध संस्थेत माणसं होती तीन. चेअरमन हंबीररावांचा पुतण्या सेक्रेटरी, तो बातमीच्या वर्षभर आधी आलेला. मी कॅन उचलणारा, चार वर्षांचा. आणि दुधाची फॅट मोजायच्या मशिनवर गुंडूतात्या, बावीस वर्षांचे. नाव झाकलंस आणि बोट दाखवलंस. हे मी बोलायला लागलो की तू गप्प होतेस, तू गप्प झालीस की मला राग येतो आणि मी फोन कापतो. म्हणून यावेळी लिहायला बसलोय. अक्षर लागलं नाही तर दाजींना वाचायला दे, त्यांना सोसायटीतल्या म्हाताऱ्यांच्या सह्या वाचायची सवय आहे.

आधी माझी खुशाली ऐक. तुमच्याकडं पाऊस उघडला असेल, इथं पोलंडात आत्ताच तोंडातनं वाफ निघते. आम्ही अळंबी तोडतो. आई अजून शेजारणींना सांगते की माझा अमर फॉरेनला कंपनीत आहे, तर सांगू दे. लांबच लांब अंधाऱ्या खोल्या, सहा-सहा मजली मांडण्या, त्यात काळी माती आणि वर पांढऱ्या टोप्या. रानात पावसाळ्यात एक सापडली तर आपण नाचत घरी आणायचो, इथं दिवसाला माणशी दोन क्विंटल. एका घरात आम्ही बाराजण राहतो. माझ्या खोलीत एक नेपाळी आहे, शिकलेला, इंग्रजी फाडफाड. त्याच्याकडनं मी ‘सॉरी’ आणि ‘टुमारो’ सोडून चार शब्द शिकलोय. जेवणाचं म्हणशील तर मी कांदा-लसणाची चटणी घातल्याशिवाय काहीच खात नाही, आणि आता नेपाळीसुद्धा खात नाही. डबा संपत आलाय, आईला सांग. नाही, राहू दे, आईला सध्या काही सांगू नको. का ते पुढं येईल.

मागच्या महिन्यात इथं एक प्रकार झाला. एक पीक निघालं की खोली वाफेनं आणि औषधानं धुतात, मग दिवसभर बंद ठेवायची असते. आमचा सुपरवायझर दोन तासांत माणसं आत घालायचा. डोळ्यांतनं पाणी, घसा असा जळतो की मिरची कुटायच्या डंकावर उभं राहिल्यागत. एक बांगलादेशी पोरगा मांडणीवर चढलाता, वरनं चक्कर येऊन खाली आला, डोकं लोखंडाला लागलं. अळंबीच्या गाड्यावर घालून मी आणि नेपाळ्यानं त्याला बाहेर काढला. सुपरवायझर म्हणाला, उपाशीपोटी आला असेल, ह्यांचे उपास असतात. त्याचा कसला उपास! सकाळी माझ्याच तव्यावर चार अंडी फोडून खाऊन गेलाता.

आठ दिवसांनी एक बाई आली. शनिवारी दुपारी, आम्ही कोंबडी घ्यायला जातो त्या दुकानापाशी, सायकलवरनं. तुझ्याएवढीच असेल, नाही, चार वर्षं मोठी. पेपरात लिहिते म्हणाली. मला आधी तू आठवलीस, स्कुटीच्या डिकीत वही आणि रेनकोट कोंबून कोडोलीच्या बाजारातनं फिरणारी. नेपाळी मधे बसला, ती इंग्रजीत विचारायची, हा हिंदीत सांगायचा. ती आधी काय बोलली ठाऊक आहे? बोलायच्या अगोदर विचार करा, नको वाटलं तर उठून जा, मी तुमचं नाव विचारलेलंच नाही. आणि मग म्हणाली, तुम्ही जे सांगाल त्यातल्या कुठल्या गोष्टीवरनं तुमच्या साहेबाला कळेल की हे तुम्हीच सांगितलंय, ते पहिलं मला सांगा. आक्का, तू मला हे विचारलं नव्हतंस. तू माझी बहीण होतीस, तुला सगळं ठाऊकच होतं, म्हणून विचारलं नसशील.

मी सगळं सांगितलं. औषध, दोन तास, तो पोरगा, गाडा. ती गाड्याचं ऐकून लिहायला लागली तेव्हा मीच घाबरलो. म्हटलं, गाडा नको, गाडा ढकलणारे आम्ही दोघंच होतो. तिनं ते वाक्य माझ्यादेखत खोडलं. अशा पाच गोष्टी खोडल्या. मग मला वाटलं, ही आपलं ऐकतेय, आणि माझ्या डोक्यात जे आलं ते मी बोलून गेलो. म्हटलं, बाईंना सांग, असं लिही की बांगलादेशी कामगारानं सांगितलं. ते इथं तिघं आहेत, आमच्यावर कुणी येणार नाही. नेपाळी माझ्याकडं बघतच राहिला. म्हणाला, हे मी सांगू? मी म्हटलं, सांग की! त्यानं सांगितलं. बाईनं पेन खाली ठेवलं. रागावली नाही. नेपाळ्यानं तिचं बोलणं मला जसंच्या तसं दिलं, “दीदी बोल रही है, छोड़ सकती हूँ, जोड़ नहीं सकती.” म्हणजे गाळता येतं, पदरचं घालता येत नाही. घातलं तर ते त्या तिघांपैकी एकाच्या अंगावर जाईल, आणि त्यानं तर काहीच केलेलं नाही. कोंबडीची पिशवी हातात धरून मी तिथं उभा होतो आणि माझे कान तापलेते. दोन वर्षं मी तुला ज्यावरनं बोलतोय, तेच मी परत करायला निघालोतो, आणि तेही इतक्या सहज, तंबाखू मळल्यासारखं.

ती बातमी छापून आली. तपासायला माणसं आली. आता खोली दिवसभर बंद राहते. पण बातमी आली त्या सकाळी सुपरवायझरनं आम्हाला रांगेत उभं केलं आणि एकेकाच्या तोंडाजवळ येऊन विचारलं. तो बांगलादेशी, डोक्याला अजून पट्टी, माझ्या शेजारी उभा होता. त्याच्यापाशी सुपरवायझर जास्त वेळ थांबला. मी मनात म्हटलं, बाईनं माझं ऐकलं असतं तर हा आज बॅग भरत असता. पेपरात धरायला काहीच नव्हतं, शेवटी सुपरवायझर शिव्या घालत निघून गेला. सगळे हसत कामाला लागले. मला आपल्या संस्थेचं ऑफिस दिसत होतं.

तू त्या दिवशी तिथं नव्हतीस, तुला कुणी नीट सांगितलं नसणार. ‘सॅम्पलच्या दुधावर कुणाची साय?’ अशी तुझी बातमी आली आणि दुपारी हंबीररावांनी आम्हा तिघांना बोलावलं. बातमी तर सोळा आणे खरी होती. तपासायला म्हणून प्रत्येकाकडनं वाटीभर दूध घ्यायचं, परत द्यायचं नाही, सगळ्यांचं मिळून सकाळ-संध्याकाळ वीस लिटर, आणि ते चढायचं हंबीररावांच्या मालकिणीच्या नावावर. त्यांच्या गोठ्यात म्हैस नाही, ट्रॅक्टर उभा असतो. तो कॅन रोज मी उचलत होतो. मलाच ते बघवेना, म्हणून मीच तुझ्याकडं आलोतो, तू माझ्याकडनं काढून घ्यायला आली नव्हतीस. तर हंबीरराव खुर्चीत, समोर पेपर. माझ्याकडं बघून म्हणाले, बातमी तुझ्या बहिणीची, पर भण सख्ख्या भावाच्या पोटावर पाय द्यायची न्हाई, एवढं मला कळतंय. मग तात्यांकडं वळले. “तात्या, ह्यात ‘जुना’ लिवलंय. आपल्यात जुना कोन हाय, तुमीच सांगा.” तात्या म्हणाले, “मी न्हाई सांगितलं, मालक.” एवढंच. आणि मग माझ्याकडं बघितलं. आक्का, त्यांना कळलं होतं. त्या कॅनचं पुतण्याला, मला आणि तात्यांना सोडून चौथ्याला ठाऊक नव्हतं. पुतण्या काकाचं कशाला सांगेल? उरलो मी. मला वाटलं, आता म्हणतील, आता म्हणतील. ते चष्मा पुसत बसले.

आणि त्याच संध्याकाळी तू संस्थेच्या पायऱ्यांवर आलीस, काय झालं बघायला. अख्खं गाव दूध घालायला उभं. मी कॅन आपटून तुझ्या अंगावर धावून आलो. भण असशील घरात, म्हटलं, माझ्या पोटावर उठलीस, पुन्हा ह्या पायरीवर दिसू नको. तू स्कुटी वळवलीस. ते नाटक होतं हे तुला घरी आल्यावर कळलं, तुला सांगून केलं नव्हतं. पण त्या नाटकानं गावाचा माझ्यावरचा उरलासुरला संशय गेला आणि सगळा तात्यांच्या खात्यावर जमा झाला. लोक म्हणाले, बघा, पोरगं किती इमानी. आपलं भांडण असं खोट्यापासनं सुरू झालं. खरं कधी झालं ते मला सांगता येत नाही.

पुढचं तुला ठाऊक आहे. तात्यांना काढलं. त्यांचं दूध घ्यायचं बंद केलं. तात्यांच्या बायकोनं, चिमणाकाकूंनी, कोडोलीच्या बाजारात तुला गाठून, बातम्या विकून खाणारी म्हणून तोंडावर पदर ओढला, आणि तू भाजी तिथंच ठेवून आलीस. तुझ्या एका वाक्यानं ती माउली तुझ्या पाया पडली असती. तू ते बोलली नाहीस. नेपाळी सांगत होता, काही मुलखांत पेपरवाले नाव सांगत नाहीत म्हणून जेलात जाऊन बसतात. मी म्हटलं, आमच्या इथं एक बाजारात जाऊन बसते. त्याला कळलं नाही, मी समजावलंही नाही.

मी इकडं यायला निघालो त्या सकाळची एक गोष्ट मी कुणालाच सांगितलेली नाही. कोडोलीला जायची एसटी आलीच नाही. मी फाट्यावर बॅग घेऊन उभा, आणि तात्या त्यांच्या एम-एटीवरनं आले, दोन बाजूंना दोन कॅन, कोडोलीला घरोघर रतीब घालायला. थांबले. म्हणाले, “बस.” माझी बॅग त्यांनी कॅनवर आडवी टाकली, दोरीनं बांधली. स्टँडवर मला उतरवून बॅग सोडली आणि म्हणाले, “कागदावर नाव बरोबर हाय न्हवं तुजं? तिकडं नावात चूक झाली की माघारी धाडत्यात म्हनं.” मी मान हलवली. ते गेले. त्या कागदांमध्ये काय होतं सांगू? हंबीररावांनी संस्थेच्या लेटरहेडवर दिलेला दाखला, की हा मुलगा चार वर्षं आमच्याकडं शीतगृहाचा सुपरवायझर होता. आपल्या संस्थेत कसलं शीतगृह? इमानाचं बक्षीस होतं ते. त्यावर मी इथं आलोय. नोव्हेंबरात माझं परमिट नव्यानं व्हायचंय, तोच दाखला पुन्हा लागतो. हंबीररावांनी एजंटाला एक फोन केला तर मी माघारी. म्हणून तू रविवारी मला मोकळी कर म्हणालीस तेव्हा मी तुझ्यावर ओरडलो. तुला वाटलं मला गावाची लाज वाटते. लाज नव्हती, भीती होती.

आणि आता ते ‘जुन्या’चं. पहिल्या ओळीपासनं मी त्यावरनं तुला बोलतोय, आणि मधे चार वेळा पेन खाली ठेवलं. तू बातमी पाठवायच्या आधी मला वाचून दाखवली होतीस. त्यात ‘एका कर्मचाऱ्याने’ एवढंच होतं. मी म्हटलं, आक्का, पत्रकाराचा भाऊच तिथं आहे, पहिलं माझ्यावर येणार, कायतरी घाल की म्हातारा माणूस वाटंल असं. तू म्हणालीस, असं नसतं घालायचं. मी म्हटलं, मग मी जीव देतो. आठवतंय ना? मला आठवतंय. दोन वर्षं मला आठवतंय, आणि दोन वर्षं मी तुला विचारतोय की ते कुणी घातलं. हात तुझा होता, तोंड माझं. पण एक बोलतो, राग मानू नको. तू नाही म्हणायला पाहिजे होतंस. मी कुणीही असलो तरी. त्या सायकलवाल्या बाईला माझा जीव तुझ्याएवढा प्यारा नव्हता म्हणून तिला नाही म्हणणं सोपं गेलं, हे मला कळतं. तरी पाहिजे होतंस. तुझ्या हातनं जे झालं त्याचं पेपरला काय सांगायचं, साहेबांना काय सांगायचं, ते तुझं तू बघ. त्यात मी पडत नाही.

तू रविवारी सांगितलंस की सव्वीस तारखेच्या वार्षिक सभेत तात्यांचं सभासदत्वच रद्द करायचा ठराव आहे, संस्थेची बदनामी केली म्हणून. बावीस वर्षं ज्यानं सगळ्या गावाची फॅट लावली त्याला हात वर करून बाहेर काढणार, आणि पुढच्या रांगेत आपली आई बसलेली असणार. काल मी तिला फोन करून सगळं सांगून टाकलं. म्हटलं, आई, बातमी मी दिलीती. ती म्हणाली, “म्हनून तू त्या दिवशी जेवला न्हवतास व्हय?” मी म्हटलं, तुझं पण दूध बंद करतील आता. तर म्हणाली, “मग करू देत की. तात्याच्या गाडीला दोन कॅन हाईत, तिसरा बांदता येत न्हाई व्हय?” आणि फोन ठेवला. चिडलीय का रडतेय ते कळलं नाही, म्हणून म्हटलं तिला आत्ता चटणीचं सांगू नको. जमलं तर सव्वीसच्या आधी तिला चार दिवस कोडोलीला तुझ्याकडं आण. तुझ्या अवनीची परीक्षा आहे म्हण, काहीही म्हण.

हे पत्र जयसिंगपूरचा एक पोरगा सुट्टीला येतोय त्याच्या हाती देतोय, अठराला तुझ्या दारात येईल. फोनवरच्या बोलण्याला पुरावा नसतो, म्हणून हे माझ्या हातानं, सहीनिशी. तू दिलेल्या शब्दातनं मी तुला मोकळी केली. पण तू लिहू नको. तू लिहिलंस तर गाव म्हणेल, भावाला पुढं करून स्वतःची कातडी वाचवली, आणि तुमचे साहेब हंबीररावांच्या वाढदिवसाची पानभर जाहिरात सोडून तसला खुलासा छापणारही नाहीत. म्हणून मी कोल्हापूरला तुमच्या जाहिरात विभागात फोन केला, तुझं नाव न सांगता. पैसे भरले की जाहीर निवेदन कुणाचंही छापतात. मजकूर असा दे, एक अक्षर बदलू नको, शुद्धलेखन तेवढं कर: ‘मी अमरसिंह आकाराम चौगुले, सध्या मुक्काम पोलंड, सर्वांना कळवतो की दोन वर्षांमागं आमच्या गावच्या दूध संस्थेतल्या सॅम्पलच्या दुधाची जी बातमी या पेपरात आली, ती माहिती मी दिली होती. मी तेव्हा तिथं कॅन उचलायला होतो. त्यात जुना कर्मचारी असं आलं ते माझ्या सांगण्यावरून, ते खोटं होतं. गुंडूतात्यांनी कुणालाही काहीही सांगितलं नव्हतं.’ पंचवीसच्या अंकात आलं पाहिजे, सभेच्या आदल्या दिवशी. आपल्या गावात अमरसिंह दोघं आहेत, म्हणून वर माझा फोटो घालायचा, पासपोर्टसाठी काढलेला तुझ्याकडं आहे तो. चौकोनाचे आणि फोटोचे जादाचे धरून जेवढे सांगितले तेवढे दाजींच्या खात्यावर पाठवतोय, सहा हजार आठशे पन्नास.

तुझाच,
अमर